गृहकर्ज: हप्ता तोच, मग व्याज का वाढले?

गृहकर्ज ५० लाखांचे, व्याजदर ८.५ टक्के, मुदत २० वर्षे. मासिक हप्ता येतो सुमारे ४३,४०० रुपये. पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजातच जातात. मुद्दल जेमतेम आठ हजारांनी कमी होते. २० वर्षांत नुसते व्याज ५४ लाखांवर जाते.

हाही हिशेब दर स्थिर राहिला तरचा. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ वरून ६.५ टक्क्यांवर नेला. तेव्हा अनेकांचा हप्ता वाढला नाही, वाढली ती मुदत. खात्यातून तेवढेच पैसे कापले जात असल्याने ते पटकन लक्षातही येत नाही.

वरच्या कर्जाचा दर सुरुवातीलाच ९.५ टक्के झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर कर्ज फिटायला पावणेसव्वीस वर्षे लागतात. व्याज जाते ८४ लाखांच्या घरात. हप्ता दरमहा ३,२०० रुपयांनी वाढवला, तर मुदत २० वर्षेच राहते आणि व्याज ६२ लाखांच्या आत. फरक तब्बल २२ लाखांचा!

हप्ता वाढवायचा की मुदत, हा पर्याय बँकेने कर्जदाराला द्यावा, असा रिझर्व्ह बँकेचा ऑगस्ट २०२३ चा आदेश आहे. बदलत्या दराचे वैयक्तिक गृहकर्ज मुदतीआधी फेडल्यास दंडही लागत नाही.