तबल्याची शाई आणि काचेचा तंतू

स्मरणिकांमध्ये ‘प्रकाश’ हा शब्द बहुधा रूपक म्हणून येतो. या लेखातला प्रकाश मात्र खराखुरा आहे. तो रस्त्याकडेला पुरलेल्या काचेच्या तंतूंतून धावतो आणि आपला दूरध्वनी, बँकेचा व्यवहार, मुलांचे ऑनलाइन वर्ग वाहून नेतो. शाळेत असताना मी शिकलो ते एवढेच, की प्रकाश सरळ जातो, परावर्तित होतो आणि काचेत शिरताना वाकतो. प्रकाशझोताला स्वतःची एक आकृती असते आणि त्या आकृतीतही मजकूर भरता येतो, हे मला पदव्युत्तर वर्गात आल्यावर कळले. तेही गणिताच्या वाटेने, त्यामुळे अर्धवटच. वाद्याच्या वाटेने ते अधिक सहज कळते.

डफावर मध्यभागी थाप मारली तर एक आवाज येतो, काठाजवळ मारली तर दुसरा. ताणलेले कातडे अनेक ठरावीक प्रकारांनी थरथरू शकते, हे त्याचे कारण. एका प्रकारात सगळे कातडे एकदम वर-खाली होते. दुसऱ्यात एक अर्धा भाग वर असताना दुसरा खाली जातो आणि मधली रेषा स्थिर राहते. आणखी एकात स्थिर राहते ते आतले एक वर्तुळ. चंद्रशेखर वेंकट रामन यांनी आपल्या तालवाद्यांचा अभ्यास करताना पटलावर बारीक वाळू पसरून या स्थिर रेषा डोळ्यांना दाखविल्या. त्यांचा हा निबंध १९३४ साली प्रसिद्ध झाला. साध्या पटलाची दुसरी कंपनसंख्या पहिलीच्या १.५९ पट असते, तिसरी २.१४ पट, म्हणून डफाला नेमका सूर नसतो. तबल्याच्या शाईचा भार हेच आकडे जवळजवळ पूर्ण पटींत आणून बसवितो. ज्या अनाम कारागिरांनी ती शाई घोटली, त्यांना हे समीकरण ठाऊक नव्हते. कान मात्र पक्का होता.

अशा प्रत्येक ठरावीक कंपनप्रकाराला ‘मोड’ म्हणतात. थाप कितीही गुंतागुंतीची असो, ती या मोडांची बेरीज असते, आणि त्या बेरजेतून प्रत्येकाचा वाटा पुन्हा वेगळा काढता येतो. पुढचे सारे या एका गोष्टीवर उभे आहे.

लेझरचा झोत भिंतीवर पाडला की सहसा एकच गोल ठिपका दिसतो. पण झोत दोन ठिपक्यांचा, चार ठिपक्यांचा किंवा मधोमध अंधार असलेल्या कड्याचाही करता येतो. रंग तोच, शक्ती तीच. बदलते ती केवळ झोताच्या छेदावरील आकृती. हे प्रकाशाचे अवकाशीय मोड. कडे सर्वांत नवलाचे, कारण त्यातील प्रकाशलहर मळसूत्री जिन्यासारखी पिळत पुढे सरकते. अशा झोतातील प्रत्येक प्रकाशकणाला त्या पिळाच्या प्रमाणात कोनीय संवेग असतो, हे हॉलंडमधील लायडन येथे लेस ॲलन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९२ मध्ये दाखविले. पीळ एकेरी, दुहेरी, तिहेरी, कितीही असू शकतो. म्हणजे तत्त्वतः या बाराखडीला शेवटचे अक्षर नाही.

गंमत अशी, की दूरसंचाराच्या अभियंत्यांनी पहिली काही दशके हे मोड टाळण्यातच घालविली. तंतूचा गाभा जाड असला, म्हणजे साधारण ५० मायक्रोमीटरचा, की त्यात शेकडो मोड मावतात. प्रत्येकाचा वेग किंचित निराळा असल्याने एकत्र निघालेले संकेत मागेपुढे पोहोचतात आणि एकमेकांवर पसरतात. उपाय सरळ होता: गाभा सुमारे ९ मायक्रोमीटरवर आणायचा, म्हणजे एकच मोड शिल्लक राहतो. १९८० च्या दशकापासून लांब पल्ल्याच्या वाहिन्या याच एकमोडी तंतूंच्या आहेत. त्यात १५ किलोमीटर गेल्यावरही निम्मा प्रकाश उरतो. निर्णय शहाणपणाचाच होता. पण एका तंतूत एका मर्यादेपलीकडे फारसे कोंबता येत नाही. शक्ती वाढवावी तर काचच संकेत बिघडवू लागते. रंगांची वाटणी झाली, ध्रुवणाच्या दोन दिशा वापरून झाल्या. हाताशी उरले ते टाकून दिलेले मोड.

ते परत बोलावताना जुनी अडचण आलीच. तंतू वाकला, दाबला गेला की मोड एकमेकांत मिसळतात. हवेतही तेच होते. २०१४ साली व्हिएन्ना शहरावरून पिळदार प्रकाशाच्या १६ आकृत्या वापरून मोझार्ट, बोल्ट्समन आणि श्रोडिंगर यांची छोटी चित्रे ३ किलोमीटर अंतरावर पाठविण्यात आली. अस्वस्थ हवेने आकृत्या थरथरविल्या, विस्कटल्या. तरी एका संगणकीय जालाला त्या ओळखायला शिकविले होते आणि चित्रे ओळखू येतील इतकी शाबूत पोहोचली. तंतूत प्रकाश मिसळला तरी माहिती नष्ट होत नाही, फक्त वाटली जाते. दहा मोडांतून दहा संकेत सोडले आणि पलीकडे प्रत्येकात सगळ्यांचा थोडाथोडा अंश आला, तरी ती दहा समीकरणे आणि दहा अज्ञात संख्या एवढेच असते. नववीतील एकसामयिक समीकरणेच ही, फक्त सेकंदाला अब्जावधी वेळा सोडवायची. अनेक अँटेना असलेले मोबाइलचे मनोरेही याच युक्तीवर चालतात.

याच ठिकाणी विषयाला अनपेक्षित वळण मिळते. मोडांचे मिसळणे हा एक गुणाकारच असेल, तर तो मुद्दाम का करवून घेऊ नये? संख्यांचा तक्ता एका रांगेने गुणणे हे आजच्या कृत्रिम बुद्धिमत्तेचे मुख्य काम आहे, आणि त्यात वीज फार जाते. झोत दुभागणाऱ्या अर्धपारदर्शक आरशांची योग्य जाळी केली तर अशी कोणतीही ऊर्जा न गमावणारी मिसळण घडविता येते, हे १९९४ मध्ये सिद्ध झाले होते. २०१७ साली अमेरिकेतील एमआयटीच्या गटाने आरशांऐवजी सिलिकॉनच्या चकतीवर कोरलेल्या प्रकाशवाटा घेतल्या. येथे प्रत्येक वाट हाच एक मोड. त्या चकतीला त्यांनी माणसाने उच्चारलेले चार स्वर ओळखायला लावले. तिची अचूकता साध्या संगणकापेक्षा कमी भरली: ७६.७ टक्के विरुद्ध ९१.७ टक्के. गुणाकार मात्र प्रकाश चकतीतून पार होण्याच्या वेळातच उरकला होता. उत्तर वाचून पुन्हा विजेच्या संकेतात आणणे, हे अजून महागात पडते.