सरस्वतीबाई फाळके यांची अंधारखोली

चित्रपटाच्या निर्मात्यावर लेख हवा, असे संपादकांनी कळविले तेव्हा ज्यांचे नाव पडद्यावर मोठ्या अक्षरांत येते अशा धनिकांकडे न वळता माझे मन दादासाहेब फाळके यांच्या पत्नी सरस्वतीबाई यांच्याकडे ओढले गेले. यवतमाळच्या माणसाला दादासाहेबांच्या काळच्या फिल्मविषयी आस्था वाटावी, याला एक निराळे कारणही आहे: ती फिल्म मुळात कापसाची असे. कापसाच्या तंतूंवर नत्राम्ल व गंधकाम्ल यांची प्रक्रिया करून, त्यात कापूर मिसळून, त्याचा पारदर्शक पट्टा बनवीत. आमच्या वऱ्हाडातील रुईच्या गाठी मुंबई बंदरातून विलायतेस रवाना होत त्याच काळात असला पट्टा विलायतेहून फाळक्यांच्या दादरच्या बंगल्यात येऊन पडत होता.

अधिकृत इतिहास सर्वांना ठाऊक आहे. विमापत्रे तारण ठेवून दादासाहेब १९१२ च्या फेब्रुवारीत लंडनला गेले, विल्यमसन कॅमेरा, कच्ची फिल्म आणि छिद्रे पाडण्याचे यंत्र यांची तजवीज करून परतले, कुंडीतल्या वाटाण्याच्या रोपाची वाढ चित्रित करून त्यांनी सावकारांची खात्री पटविली, आणि ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांपुढे आला. या हकिकतीत सरस्वतीबाईंचा उल्लेख येतो तो बहुधा दागिने काढून देणारी पतिव्रता म्हणून. मला मात्र त्या छिद्रयंत्रापाशी दिसतात.

कच्ची फिल्म तेव्हा कोऱ्या कडांची येई. कॅमेऱ्यातील दाते तिला धरून पुढे सरकवू शकतील, यासाठी दोन्ही कडांना समान अंतरावर छिद्रे पाडावी लागत, आणि पट्ट्यावर प्रकाश पडता कामा नये म्हणून हे काम अंधाऱ्या खोलीतच करावे लागे. ‘राजा हरिश्चंद्र’ची लांबी सुमारे ३,७०० फूट, फुटाला सोळा चित्रे आणि प्रत्येक चित्राच्या दोन्ही बाजूंना चार-चार छिद्रे, म्हणजे फुटाला १२८ आणि एकंदर सुमारे पावणेपाच लाख छिद्रे, तीही केवळ एका प्रतीची, मूळ पट्ट्याची गणना याहून वेगळी. अंतरात केसाएवढी चूक झाली तरी पडद्यावर राजा, राणी आणि राजवाडा सारेच थरथरू लागत, आणि महाग फिल्म वाया जाई. दिवसा साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक, उन्हात पांढऱ्या चादरी धरून नटांच्या चेहऱ्यांवर उजेड वळविण्याचे काम, आणि मुलाबाळांचे संगोपन आटोपल्यावर ही बाई रात्री त्या खोलीत शिरे, रसायनांचे प्रमाण सांभाळी, पट्टा धुई, आणि छिद्रे पाडी. तारामतीची भूमिका करण्यास मात्र त्यांनी साफ नकार दिला. ती पुढे अण्णा साळुंके या पुरुषाने केली. ज्या घरात मुदपाकखाना, भांडार आणि कारखाना एकाच कारभाऱ्याच्या हवाली होता, तिथे कॅमेऱ्यासमोर उभे राहायला सवड कोणास असणार, असे मला वाटते.

भांडवल उभे करणे, माणसे पोसणे, सामग्रीची नासाडी होऊ न देणे आणि काम शेवटास नेणे हीच निर्मात्याची कर्तव्ये असतील, तर सरस्वतीबाई निर्मात्या होत्या, याविषयी माझ्या मनात शंका नाही. पण त्यांच्या हिश्श्याचा दस्तऐवज कुठे? गहाण पडलेले दागिने भांडवलाच्या रकान्यात कोणी मांडले नाहीत, रात्रपाळीची मजुरी लावली नाही. ऑक्टोबर १९१३ मध्ये बिऱ्हाड नाशिकला हलले, पुढे महायुद्धाच्या दिवसांत पैशाची ओढ लागली; १९१८ साली भांडवलदार भागीदारांसह हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी निघाली, तेव्हा घरचा कारखाना करारमदारांचा झाला, आणि भागीदारांशी बेबनाव होऊन दादासाहेब काशीस निघून गेले. ते परत आले, पण १९३७ सालचा ‘गंगावतरण’ हा त्यांचा एकमेव बोलपट कोल्हापुरात तयार होईपर्यंत धंदा मोठ्या स्टुडिओंचा आणि तज्ज्ञांचा झाला होता. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला दादासाहेब निवर्तले तेव्हा हाती संपत्ती अशी उरली नव्हती.

फिल्मचे दैवही तसेच. कापसापासून केलेला हा नायट्रेटचा पट्टा झटकन पेट घेतो, आणि न पेटला तरी काळाने चिकट होऊन शेवटी त्याची भुकटी होते. ‘राजा हरिश्चंद्र’ आज संपूर्ण उरलेला नाही. परेश मोकाशी यांच्या २००९ सालच्या ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’त विभावरी देशपांडे यांनी सरस्वतीबाईंना पडद्यावर आणले, याचे मला मनापासून समाधान वाटते, पण चित्रपटाच्या इतिहासाची पाठ्यपुस्तके लिहिणाऱ्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’च्या निर्मात्याच्या रकान्यात दादासाहेबांच्या शेजारी त्यांचे नाव अजून घातलेले नाही, आणि ते पुढच्याच आवृत्तीत घालावे, अशी माझी मागणी आहे.