मांधाता बेटाची एक दिवसाची यात्रा : वाटाड्या काय दाखवतो आणि काय राहून जाते

अकोल्याच्या जुन्या शहराला बेट नाही; परंतु या शहराचे एका बेटाशी जुने नाते आहे. मोर्णेच्या काठी असदगडाच्या आसऱ्याने वाढलेल्या या वस्तीचे ग्रामदैवत राजराजेश्वर. श्रावणातील अखेरच्या सोमवारी गांधीग्रामहून पूर्णेचे पाणी खांद्यावरून आणून या शिवलिंगाला अभिषेक करण्याची कावड परंपरा १९४४ पासून चालत आली आहे. नदीचे पाणी आणि शिवाची पिंड यांची ही सांगड ज्यांच्या अंगवळणी पडली आहे, त्यांना नर्मदेच्या मधोमध वसलेल्या ओंकारेश्वराची ओढ वाटणे साहजिकच म्हणावे लागेल. श्रावणात, महाशिवरात्रीच्या सुमारास आणि उन्हाळ्याच्या सुटीत अकोल्यातून खासगी गाड्या भरभरून तिकडे जातात. रात्री निघायचे, सकाळी पोहोचायचे, दिवसभर स्थानिक वाटाड्यासोबत दर्शन घ्यायचे आणि पुन्हा रात्री परतीला लागायचे, असा हा बेत असतो.

या एका दिवसात नेमके काय पाहता येते, कशासाठी वेळ राखून ठेवावा आणि कोठे सावध राहावे, याची माहिती निघण्यापूर्वी असलेली बरी. अन्यथा दोन तास रांगेत, एक तास जेवणात आणि उरलेला दिवस दुकानांत असा हिशेब होतो, आणि ज्या बेटासाठी आपण आलो ते पाहायचेच राहून जाते.

तुटलेला रेल्वेदुवा

कधीकाळी हा प्रवास आजच्यापेक्षा सोपा होता. १९०३ पासून वऱ्हाडचा कारभार मध्य प्रांताला जोडलेला होता आणि खंडवा ज्या निमाड जिल्ह्यात होते, तो जिल्हाही याच प्रांतात होता. १९५६ च्या राज्य पुनर्रचनेत वऱ्हाड मुंबई राज्यात आले आणि खंडवा मध्य प्रदेशात राहिले. राज्ये वेगळी झाली तरी अकोला-खंडवा मीटरगेज रेल्वेने दोन्ही मुलुख जोडून ठेवले होते. अकोटमार्गे मेळघाटच्या जंगलात शिरणारी, धूळघाटाच्या वळणावर स्वतःच्याच रुळांना वळसा घालणारी ही गाडी खंडव्याला आणि तेथून पुढे ओंकारेश्वर रोड स्थानकापर्यंत नेत असे. तेथून बेटाचे अंतर जेमतेम बारा किलोमीटर.

२०१७ च्या प्रारंभी रुंदीकरणासाठी ही गाडी बंद झाली. अकोला ते अकोट हा टप्पा नोव्हेंबर २०२२ मध्ये रुंद मार्गावर पुन्हा सुरू झाला. मात्र त्यापुढे मेळघाट व्याघ्र प्रकल्पातून मार्ग न्यायचा की जंगलाला बाहेरून वळसा घालायचा, हा प्रश्न दीर्घकाळ गाजला. वाघांच्या अधिवासाचा विचार करता वळशाचा आग्रह रास्तच होता. पण त्याची किंमत सामान्य यात्रेकरूला प्रवासाच्या वाढलेल्या वेळेत मोजावी लागली. आता रेल्वेने जायचे तर भुसावळमार्गे खंडवा गाठावे लागते आणि पुढे सुमारे सत्तर-पंचाहत्तर किलोमीटरचा रस्त्याचा प्रवास उरतो. थेट मोटारीने जाणाऱ्यांनी जंगलातील रस्ते रात्री टाळून बऱ्हाणपूरमार्गे जावे, हे उत्तम.

बेट म्हणजे काय?

नर्मदेचा प्रवाह येथे एका डोंगराला दोन्ही अंगांनी कवेत घेतो. दक्षिणेकडील मुख्य प्रवाह नर्मदा. उत्तरेकडून वाहणाऱ्या फाट्याला स्थानिक लोक कावेरी म्हणतात. दक्षिण भारतातील कावेरीशी तिचा संबंध नाही. याच नावाची एक लहान नदी नर्मदेला मिळते आणि तिच्यात न मिसळता पलीकडून पुन्हा वेगळी वाहते, अशी श्रद्धा आहे. बेटाच्या पश्चिम टोकाला दोन्ही प्रवाह पुन्हा एकत्र येतात, तो संगम.

इक्ष्वाकू कुळातील मांधाता राजाने येथे तप केले, अशी कथा असल्याने या डोंगराला मांधाता हे नाव पडले. बेटाचा आकार ॐ सारखा आहे, असे प्रत्येक वाटाड्या हमखास सांगतो. काठावरून पाहताना हा आकार नजरेत भरत नाही. दोन प्रवाहांनी डोंगर कसा वेढला आहे, हे मात्र माथ्यावर चढल्यावर स्पष्ट कळते. आणि म्हणूनच ती चढण टाळू नये.

दोन मंदिरे, एक ज्योतिर्लिंग

बारा ज्योतिर्लिंगांच्या परंपरागत यादीत ओंकारेश्वराचे स्थान चौथे. येथे एक पेच आहे, तो आधीच समजून घ्यावा. बेटावर ओंकारेश्वर आहे, तर दक्षिण तीरावर ममलेश्वर अर्थात अमरेश्वर. ज्योतिर्लिंग कोणते, असा प्रश्न यात्रेकरू विचारतात. परंपरा या दोहोंना मिळून एकच ज्योतिर्लिंग मानते. त्यामुळे एकाचे दर्शन घेऊन परतणे म्हणजे यात्रा अर्धीच सोडणे होय.

बेटावरील मंदिर अनेक मजली आहे. तळाशी ओंकारेश्वर, त्यावर महाकालेश्वर आणि त्याहून वर इतर शिवस्थाने अशी त्याची रचना आहे. ओंकारेश्वराचे लिंग घडवलेले नाही. तो ओबडधोबड, स्वयंभू पाषाण आहे. शिवाय तो शिखराच्या नेमका खाली नाही, ही मंदिररचनेच्या दृष्टीने विरळा गोष्ट. सभामंडपातील कोरीव दगडी स्तंभ गर्दीच्या रेट्यात कोणाच्या लक्षात येत नाहीत. दर्शन झाल्यावर पाच मिनिटे बाजूला थांबून ते अवश्य पाहावेत. रात्रीच्या शयनआरतीनंतर शिवपार्वतीसाठी येथे सारीपाट मांडून ठेवतात. देवाला खेळायला पट मांडून देणारी ही प्रथा मनाला भावते. पण एका दिवसात परतणाऱ्यांना ती पाहायला मिळत नाही.

ममलेश्वराचे मंदिर पुरातत्त्व खात्याच्या संरक्षणाखाली आहे आणि तुलनेने शांत आहे. त्याच्या भिंतींवर १०६३ सालच्या शिलालेखात शिवमहिम्नासह संस्कृत स्तोत्रे कोरलेली आहेत. आपल्या घरी प्रदोषाला म्हटले जाणारे महिम्न साडेनऊशे वर्षांपूर्वी दगडावर कोरले गेले होते, हे तेथे उभे राहून पाहण्यात वेगळेच समाधान आहे. मातीची लहान लहान लिंगे करून त्यांची पूजा करण्याची येथील पार्थिवपूजेची परंपरा अहिल्याबाई होळकरांशी जोडली जाते. वाटाड्यांच्या यादीत हे मंदिर बहुधा शेवटी असते आणि वेळ संपल्याने गाळलेही जाते. ते सकाळीच पाहून मग पूल ओलांडावा, हा साधा उपाय.

परिक्रमा : दिवसाचे खरे मोल

बेटाची प्रदक्षिणा सुमारे सात किलोमीटरची आहे. सावकाश चालल्यास अडीच ते तीन तास पुरतात. ‘फार चढ आहे, नावेतून फेरी मारू’ असे सांगून अनेकदा ही वाट टाळली जाते. ज्यांचे गुडघे साथ देत नाहीत त्यांच्यासाठी ते योग्यही आहे. पण धडधाकट माणसाने ही पायवाट सोडू नये. निसर्ग आणि धर्म येथे जितके एकमेकांत मिसळले आहेत, तितके गाभाऱ्यापुढच्या रांगेत कधीच जाणवत नाहीत.

मंदिरातून पश्चिमेकडे निघालेली वाट काठाकाठाने संगमावर येते. वाटेत गीतेचे श्लोक कोरलेल्या शिळा दिसतात. संगमाजवळ ऋणमुक्तेश्वराचे मंदिर आहे. येथे हरभऱ्याची डाळ वाहिली म्हणजे माणूस ऋणातून मुक्त होतो, अशी श्रद्धा. शास्त्राच्या दृष्टीने ही पितृऋण, देवऋण यांची गोष्ट. पण कापूस आणि सोयाबीन पिकवणाऱ्या आपल्या मुलुखातला शेतकरी तेथे ओंजळभर डाळ वाहतो, तेव्हा त्याच्या मनात सोसायटीचे आणि सावकाराचे ऋण नसते, असे कोण म्हणेल? देवापुढे कर्जाचा हिशेब मांडावा लागणे, ही केवळ श्रद्धेची बाब नाही.

संगमानंतर वाट उत्तरेला वळून चढू लागते आणि माथ्यावर गौरी सोमनाथाचे मंदिर लागते. परमार काळातील या मंदिरात काळ्या पाषाणाचे प्रचंड लिंग आहे. मामा आणि भाचे यांनीच मिळून त्याला कवेत घ्यावे, अशी लोककथा असल्याने त्याला मामा-भाच्याचे मंदिरही म्हणतात. पुढे सिद्धनाथ मंदिराचे अवशेष आहेत. बेटावरील शिल्पकलेचा सर्वोत्तम नमुना कोणता, असे विचारले तर या मंदिराच्या उंच जोत्यावरील हत्तींची रांग असेच उत्तर द्यावे लागेल. बरेच हत्ती भग्न आहेत. तरी त्यांच्या अंगातील चपळाई दगडातूनही जाणवते. अकोल्याहून इतक्या दूर येऊन हे हत्ती न पाहता परतणारे शेकडो असतात, कारण दर्शनाच्या रांगेशी त्यांचा संबंध नाही.

मांधाता डोंगरावर आद्य शंकराचार्यांचा १०८ फूट उंचीचा पुतळा आहे. त्याचे अनावरण २१ सप्टेंबर २०२३ रोजी झाले. बारा वर्षांच्या बाल शंकरांचे हे रूप चित्रकार वासुदेव कामत यांच्या चित्रावरून घेतले असून, शिल्पकार आहेत सोलापूरचे भगवान रामपुरे. शंकराचार्यांना गुरू गोविंद भगवत्पाद भेटले ते याच ठिकाणी, अशी परंपरा आहे आणि गोविंदपादांची गुंफा मंदिराजवळ दाखवली जाते. डोंगरावरील भव्य पुतळा आणि खालची ती लहानशी गुंफा, दोन्ही एकाच दिवशी पाहावीत. गुरुशिष्यांची भेट कोठे अधिक जवळची वाटते, हे ज्याचे त्याने ठरवावे.

परिक्रमावासी बेटावर का जात नाहीत?

घाटांवर पांढऱ्या वस्त्रांतील, हाती दंड आणि कमंडलू घेतलेले यात्री भेटतात. त्यांत मराठी बोलणारे पुष्कळ असतात. जगन्नाथ कुंटे यांच्या ‘नर्मदे हर हर’ या पुस्तकानंतर मराठी घरांत नर्मदा परिक्रमेविषयी कुतूहल फार वाढले. या यात्रेचा मुख्य नियम असा, की परिक्रमा पूर्ण होईपर्यंत नर्मदेचा प्रवाह ओलांडायचा नाही. ओंकारेश्वर तर प्रवाहाच्या मध्ये. त्यामुळे दक्षिण तीरावरून परिक्रमा उचललेला यात्री समोर मंदिर दिसत असूनही बेटावर जात नाही. हजारो किलोमीटर चालून, परिक्रमा संपवून, सोबत आणलेले नर्मदाजल वाहायलाच तो ओंकारेश्वरापुढे उभा राहतो. आपण पाच मिनिटांत जो पूल ओलांडतो, त्यासाठी कोणी कित्येक महिने थांबलेले असते, हे लक्षात घेतले तर दर्शनाच्या रांगेत होणारी धुसफूस आपोआप थांबेल.

नदीचा स्वभाव बदलला आहे

बेटाच्या पूर्वेला, प्रवाहाच्या वरच्या अंगाला ओंकारेश्वर धरण आहे. ५२० मेगावॅट क्षमतेचा हा जलविद्युत प्रकल्प २००७ मध्ये कार्यान्वित झाला. वाटाडे धरण कौतुकाने दाखवतात. मात्र याच प्रकल्पाच्या पाणीपातळीविरुद्ध २०१२ मध्ये खंडवा जिल्ह्यातील घोगलगावचे ग्रामस्थ जमिनीच्या मागणीसाठी सतरा दिवस पाण्यात उभे होते, हे क्वचितच कोणी सांगतो.

यात्रेकरूच्या दृष्टीने महत्त्वाची गोष्ट अशी, की विजेच्या गरजेनुसार पाणी सोडले वा अडवले जात असल्याने घाटापाशी पाण्याची पातळी अल्पावधीत बदलते. एप्रिल २००५ मध्ये देवास जिल्ह्यातील धाराजी येथे अमावास्येच्या यात्रेत वरच्या धरणातून आलेल्या लोंढ्यात अनेक भाविक वाहून गेले होते. मघाशी उघडा असलेला खडक थोड्या वेळाने पाण्याखाली असू शकतो, हे विसरू नये. धरणाचा भोंगा वाजला की काठावर यावे. साखळ्या लावलेल्या घाटावरच स्नान करावे. मोर्णा आणि पूर्णा पाहत वाढलेल्या आपल्या लोकांना नर्मदेच्या खोलीचा आणि ओढीचा अंदाज सहसा नसतो. पोहता येणाऱ्यांनीही हे ध्यानात ठेवावे.

निघण्यापूर्वी

वाटाड्या ठरवताना कोणकोणती ठिकाणे दाखवणार, परिक्रमा पायी की नावेने, आणि एकूण किती पैसे, हे तिन्ही आधीच बोलून घ्यावे. अभिषेकाची दक्षिणा वेगळी असल्यास तेही स्पष्ट करावे. नावेत जीवरक्षक जाकीट अंगात घालूनच बसावे आणि गर्दीने भरलेली नाव सोडून द्यावी.

मध्य प्रदेशात महिना पौर्णिमेनंतर सुरू होतो. त्यामुळे तेथील श्रावण आपल्या श्रावणाच्या पंधरा दिवस आधी लागतो. तेथील श्रावणी सोमवारी ओंकारेश्वराची स्वारी नर्मदेत नौकाविहाराला निघते. सोहळा पाहायचा असेल तर तिथी त्यांच्या पंचांगाने पाहावी. निवांत दर्शन हवे असेल तर सोमवार, अमावास्या आणि संपूर्ण श्रावण टाळावा. नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा काळ परिक्रमेस सर्वांत सोयीचा. उन्हाळ्यात तापलेल्या दगडी वाटेवर अनवाणी चालणे वृद्धांना झेपत नाही.

हाताशी आणखी एक दिवस असेल, तर सनावदजवळचे रावेरखेडी पाहून यावे. थोरल्या बाजीराव पेशव्यांचे २८ एप्रिल १७४० रोजी तेथे निधन झाले. नर्मदेकाठी त्यांची समाधी आहे. आणि दिवस एकच असेल, तर क्रम असा ठेवावा : सकाळी ममलेश्वर, मग ओंकारेश्वर, थोडी विश्रांती, ऊन उतरल्यावर परिक्रमा आणि सायंकाळी घाटावरची नर्मदा आरती. खरेदी सर्वांत शेवटी, आणि वेळ उरलाच तर.