पंच म्हणून सही कराल का?

खुनाच्या खटल्यात सगळ्यात महत्त्वाचा माणूस कोण, असं विचारलं की कोणी तपास अधिकाऱ्याचं नाव घेतं, कोणी न्यायाधीशाचं. टीव्ही बघणारे वकील म्हणतात. मी पोलीस खात्यात कोर्ट पैरवीला होतो. साक्षीदारांना समन्स पोचवणं, मुद्देमाल वेळेवर कोर्टात आणणं, सरकारी वकिलांच्या मागे कागद घेऊन उभं राहणं, हे आमचं काम. मला विचाराल तर सगळ्यात महत्त्वाचा माणूस म्हणजे पोलिसांनी चहाच्या टपरीवरून ‘जरा चला साहेब, दोन मिनिटं’ म्हणून पंच, म्हणजे कारवाईचा त्रयस्थ साक्षीदार, करून नेलेला गृहस्थ. त्याची ती दोन मिनिटं पुढे कित्येक वर्षं संपत नाहीत.

आता निवृत्त होऊन बदलापूरजवळ सोनिवलीत राहतो. इकडे एखादा खून झाला की दुसऱ्या दिवशी पेपरात छापून येतं, ‘आरोपीने गुन्ह्याची कबुली दिली.’ शेजारी म्हणतात, ‘काका, सुटला प्रश्न.’ मी म्हणतो, आता सुरू झाला. पोलिसासमोर दिलेल्या कबुलीला कोर्टात शून्य किंमत असते. इंग्रजांनी कायदा केला तेव्हापासून तसंच आहे, आणि बरोबरच आहे. कोठडीत माणूस काय काय कबूल करील याचा भरवसा नाही.

त्या कबुलीतला एकच तुकडा कामाला येतो. आरोपी म्हणाला, ‘मी मारलं आणि कोयता नाल्याकाठच्या झुडपात टाकला’, तर ‘मी मारलं’ हे गळतं. ‘कोयता झुडपात टाकला’ हे टिकतं, पण त्या सांगण्यावरून खरोखरच कोयता मिळाला तर. जुन्या पुरावा कायद्यात हे कलम 27 होतं. 1 जुलै 2024 पासून भारतीय साक्ष्य अधिनियम आला, त्यात ते कलम 23 मध्ये गेलं. पोलीस ठाण्यात अजूनही सगळे ‘सत्तावीसचा पंचनामा’च म्हणतात, तसंच खुनालाही ‘तीनशे दोन’च म्हणतात. नव्या न्याय संहितेत तो 103 झालाय, पण जिभेला वेळ लागतो.

हा पंचनामा कसा होतो ते सांगतो, कारण खटले बहुधा इथेच बसतात नाही तर उठतात. दोन पंच समोर असताना आरोपी बोलतो, त्याचं बोलणं लिहून घेतात, सह्या होतात. मग सगळे गाडीत बसतात. आरोपी रस्ता दाखवतो, हत्यार काढून देतो. ते कागदात गुंडाळून दोऱ्याने बांधायचं, गाठीवर लाख तापवून पोलीस ठाण्याचं सील उठवायचं आणि पंचांच्या सह्या असलेलं लेबल आत घालायचं. ते पाकीट मुद्देमाल कारकुनाकडे जमा होतं, नोंदवहीत नंबर पडतो. तिथून कलिन्याच्या न्यायसहायक प्रयोगशाळेत जातं आणि रक्ताचा अहवाल येतो. कोर्टात त्याला आजही ‘सी. ए. रिपोर्ट’, म्हणजे केमिकल अॅनालायझरचा अहवाल, म्हणतात. या वाटेवर पाकीट कोणाच्या हातून कोणाकडे, कोणत्या तारखेला गेलं हे ओळीने सांगता आलं पाहिजे. मधले चार दिवस ते कुठे होतं हे कोणालाच सांगता आलं नाही, तर बचावाच्या वकिलाला आणखी काही लागत नाही.

एकीकडे बाकीचं चालू असतं. प्रेताचा इन्क्वेस्ट पंचनामा होतो. आमच्या पट्ट्यातली पुष्कळ प्रेतं शवविच्छेदनाला उल्हासनगरच्या मध्यवर्ती रुग्णालयात जातात. मोबाइलचे सीडीआर, म्हणजे कॉलचे तपशील, मागवायचे असतात. आरोपी कोठडीत असेल तर 90 दिवसांच्या आत दोषारोपपत्र गेलंच पाहिजे. एक्क्याण्णवावा दिवस उजाडला तर आरोपीला जामिनाचा हक्क मिळतो, गुन्हा कितीही भयंकर असो. शेवटच्या आठवड्यात पोलीस ठाण्यातलं झेरॉक्स मशीन तापलेलं असतं ते याचमुळे. पुढे मॅजिस्ट्रेट खटला सत्र न्यायालयाकडे ‘कमिट’ करतात, कारण खुनाचा खटला चालवायचा अधिकार सत्र न्यायाधीशांनाच आहे. उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूरकरांसाठी ते म्हणजे कल्याणचं कोर्ट.

तिथल्या व्हरांड्यात बाकावर बसलेला साक्षीदार मी लांबून ओळखायचो. समन्सची घडी हातात, लोकल चुकू नये म्हणून पहाटे निघालेला, कामावर खाडा पडलेला. समोरच्याच बाकावर आरोपीचे भाऊबंद. कोणी काही बोलत नाही, नुसतं बघतात. अकराला पुकारा होतो आणि कळतं की वकीलसाहेब दुसऱ्या कोर्टात अडकलेत, पुढची तारीख. भत्ता मिळतो, पण त्याच्यासाठीसुद्धा फॉर्म भरावा लागतो. अशा दोनचार तारखा झाल्या की माणूस मनातून सुटतो. फितूर साक्षीदार पैशाने विकला जातो असं लोकांना वाटतं. विकले जातात, नाही असं नाही. पण मी पाहिलेले बरेचसे कंटाळून आणि घाबरून फितूर झाले.

या भागात साक्षीदार म्हटलं की जुन्या माणसांना भतिजा प्रकरण आठवतं. 27 फेब्रुवारी 1990, विधानसभेच्या मतदानाचा दिवस. उल्हासनगरात घनश्याम भतिजा यांचा गोळ्या घालून खून झाला. त्यांचे भाऊ इंदर हे त्या खुनाचे प्रत्यक्षदर्शी होते. त्यांना पोलीस संरक्षण दिलं होतं. तरी दोन महिन्यांनी, 28 एप्रिलला, त्यांनाही गोळ्या घालून मारलं. आरोप झाला तो पप्पू कलानींवर. त्याच निवडणुकीत ते काँग्रेसच्या तिकिटावर उल्हासनगरचे आमदार झाले होते. पुढे तुरुंगात असतानाही ते निवडून आले. इंदर भतिजा खून खटल्याचा निकाल कल्याणच्या सत्र न्यायालयाने दिला तो 2013 च्या अखेरीस. कलानींसह चौघांना जन्मठेप झाली. खून 1990 चा, शिक्षा 3 डिसेंबर 2013 ची. तेवीस वर्षं.

प्रत्यक्षदर्शी गेला की काय जातं? पोलिसांनी लिहून घेतलेला जबाब तर फायलीत असतो, मग वाचा की तो कोर्टात! तसं चालत नाही. पोलिसांपुढच्या जबाबावर साक्षीदाराची सहीसुद्धा घेत नाहीत, कायद्यानेच मनाई आहे, आणि तो जबाब पुरावा ठरत नाही. मॅजिस्ट्रेटसमोर शपथेवर जबाब नोंदवला असेल, ज्याला आम्ही ‘एकशे चौसष्ट’ म्हणत आलो, तर त्याला वजन असतं, पण तोही आधारापुरता. साक्षीदाराने पिंजऱ्यात उभं राहून सांगावं आणि विरुद्ध बाजूने त्याची उलटतपासणी घ्यावी, तेव्हाच तो पुरावा होतो. उलटतपासणीची संधी मिळालेली साक्ष आधीच नोंदली गेली असेल तर मेलेल्याची साक्षही वापरता येते. ती नोंदली जायच्या आत माणूस गेला, की त्याने डोळ्यांनी पाहिलेलं त्याच्याबरोबरच जातं. साक्षीदारांना का मारतात, याला दुसरं उत्तर नाही.

साक्षीदारांच्या संरक्षणासाठी राज्याने 2017 मध्ये कायदा केला. 2018 च्या डिसेंबरात सर्वोच्च न्यायालयाने महेंदर चावला प्रकरणात देशभरासाठी योजना लागू केली. धमकीचा अहवाल पोलिसांकडून मागवायचा, गरजेप्रमाणे पहारा द्यायचा, ओळख लपवायची, वेळ पडली तर दुसऱ्या गावी हलवायचं, असं सगळं त्यात आहे. अर्ज मात्र करावा लागतो, आणि बाकावर बसलेल्या त्या माणसाला असा अर्ज असतो हेच माहीत नसतं. त्याला कोणी सांगितलेलं नसतं. मला विचाराल तर समन्सच्या मागच्या बाजूला हे ठळक छापावं. कागद कोराच असतो.

डोळ्यांनी पाहणारा कोणी नसला तर खटला परिस्थितीजन्य पुराव्यावर चालतो. त्याची कसोटीही महाराष्ट्रातल्याच एका खटल्यातून आली आहे. पुण्यात 1982 मध्ये एका तरुण विवाहितेचा मृत्यू झाला. नवऱ्याला सत्र न्यायालयाने फाशीची शिक्षा दिली, उच्च न्यायालयाने ती कायम केली. 1984 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याची निर्दोष सुटका केली. शरद सारडा विरुद्ध महाराष्ट्र राज्य हा तो निकाल. परिस्थितीजन्य पुराव्याचं पंचशील त्यात सांगितलं आहे. थोडक्यात, एकेक कडी पक्की सिद्ध झाली पाहिजे आणि सगळ्या जोडल्यावर आरोपीच्या निर्दोषपणाला फटही उरता कामा नये. ‘केला असावा’ आणि ‘केलाच’ यांत फरक करा, असं त्या निकालाने बजावलं. चाळीस वर्षं झाली, खुनाच्या खटल्यात तो निकाल निघाला नाही असं क्वचितच होतं. आमच्या खात्यातल्या काही जणांना त्याचा राग यायचा. मला नाही आला. फाशीच्या कोठडीतून माणूस परत येतो, तेव्हा ती कसोटी कोणाच्या कामाची होती ते कळतं.

साक्षी संपल्या की न्यायाधीश स्वतः आरोपीला विचारतात, तुझ्याविरुद्ध हे हे आलंय, तुझं काय म्हणणं? मग युक्तिवाद, मग निकाल. फाशी झाली तर उच्च न्यायालयाने ती कायम केल्याशिवाय अमलात येत नाही. जन्मठेप झाली तर आरोपी अपिलात जातो. अपील म्हणजे पुन्हा साक्षी नव्हेत. वर जातात ते कागद. साक्षीदार खाली जे बोलला, ‘मला आठवत नाही’सकट, तेच वरपर्यंत वाचलं जातं.

म्हणून तो चहाच्या टपरीवरचा माणूस. कोर्टात पाकीट फोडतात, लेबल त्याच्यासमोर धरतात. ‘ही सही तुमची?’ सही सात वर्षांपूर्वीची, शाई फिकी झालेली. तो दोन्ही हातांनी लेबल धरतो, खिडकीकडे वळवून बघतो, चष्मा वर करतो. सरकारी वकील श्वास रोखून. ‘हो, माझीच.’ मग बचावाचे वकील उठतात: कोऱ्या कागदावर सही केलीत ना? पोलिसांच्या ओळखीचे ना तुम्ही? झुडूप रस्त्याच्या डाव्या हाताला की उजव्या? इथे भलेभले गडबडतात. नव्या नागरिक सुरक्षा संहितेने झडती आणि जप्तीचं, पंचांच्या सह्यांसकट, व्हिडिओ चित्रण सक्तीचं केलं आहे, मोबाइलवर केलं तरी चालतं. सात वर्षं किंवा त्याहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यांत न्यायसहायक तज्ज्ञांनी घटनास्थळी यायचं आहे. चांगली गोष्ट आहे. डावं-उजवं आता मोबाइल सांगेल, पण चित्रातला माणूस तूच का, हे विचारायला माणूस लागणारच.

सोनिवलीत परवा एका मुलाने विचारलं, ‘काका, पोलीस पंच हो म्हणाले तर होऊ का?’ मी म्हटलं, हो. पण लिहिलेलं सगळं वाचल्याशिवाय सही करू नकोस. कोऱ्या कागदावर तर मुळीच नको, साहेब कितीही घाईत असले तरी. पाहिलं नसेल ते लिहिलंय असं दिसलं तर तिथेच सांग. घरी आल्यावर तारीख, वेळ, कुठे गेलो, कोण कोण होतं, ते वहीत टिपून ठेव. समन्स आलं की टाळू नकोस, नाही तर वॉरंट निघतं आणि ते घेऊन येणारा माझ्यासारखाच कोणी तरी असतो. कोर्टात आठवलं तेवढंच सांग, वर एक शब्द नको. कोणी धमकावलं तर सरकारी वकिलांना त्याच दिवशी सांग आणि लेखी दे.

‘आणि किती वर्षं लागतील?’ त्याने विचारलं. मी त्याला मोबाइल नंबर बदलू नकोस म्हणून सांगितलं.