पहिला चेंडू खेळणारे नवले

२५ जून १९३२. लॉर्ड्‌सवर भारताचा पहिला कसोटी सामना सुरू झाला आणि थोड्याच वेळात इंग्लंडची अवस्था ३ बाद १९ झाली. होम्स आणि सटक्लिफ या जोडीने त्याच महिन्यात यॉर्कशरसाठी ५५५ धावांची सलामी दिली होती. महंमद निसारने त्या दोघांचे त्रिफळे उडवले. त्या वेळी यष्टींमागे उभे होते जनार्दन ज्ञानोबा नवले. पुढे भारताची फलंदाजी आली, तेव्हा कसोटीतला भारताचा पहिला चेंडूही त्यांनीच खेळला.

नवले फुलगावचे, जन्म ७ डिसेंबर १९०२. सोळाव्या वर्षी ते मुंबईच्या चौरंगी स्पर्धेत हिंदू संघाकडून उतरले. पारशी, मुसलमान, युरोपियन आणि हिंदू यांच्या या लढतींना जिमखान्यावर तुडुंब गर्दी व्हायची. अशा गर्दीसमोर इतक्या कोवळ्या वयात यष्टींमागे उभे राहणे हीच त्यांची खरी शाळा, असे मला वाटते. पुढे कसोटीत निसारचा वेग आणि त्याचा जोडीदार गोलंदाज अमरसिंगचा वळणारा चेंडू, दोन्ही एकाच डावात सांभाळायचे म्हणजे पायांची आणि नजरेची केवढी कसोटी! सुटलेला झेल सगळ्यांच्या लक्षात राहतो, दिवसभर बिनचूक अडवलेल्या चेंडूंची मात्र कोणी नोंद ठेवत नाही.

लॉर्ड्‌सवर त्यांनी १२ आणि १३ धावा केल्या. धावफलकावर या धावा किरकोळ दिसतात, पण समोर बोव्ज आणि व्होससारखे गोलंदाज होते. भारताचे कर्णधार सी. के. नायडू यांच्या गोलंदाजीवर इंग्लंडचा कर्णधार जार्डिनचा झेल त्यांनी घेतला, तेव्हा जार्डिन ७९ वर होता. नवल्यांच्या कसोटी खात्यावर हा एकच बळी. डिसेंबर १९३३ मध्ये ते मुंबईत दुसरी कसोटी खेळले, ज्यात लाला अमरनाथांनी ११८ धावा केल्या. पुढच्या कलकत्त्याच्या सामन्यात दिलावर हुसेन यष्टींमागे आले, त्यांनी दोन्ही डावांत अर्धशतके काढली आणि नवल्यांची कसोटी कारकीर्द तिथेच थांबली. दोन कसोटी, ४२ धावा.

त्या काळी क्रिकेटवर पोट भरायचे तर एखाद्या संस्थानिकाचा आश्रय लागे. नायडूंना होळकरांचा आधार होता. नवले मात्र उतारवयात साखर कारखान्यात पहारेकरी होते आणि पुण्यात दोन खोल्यांत राहत. जुन्नर-आंबेगावच्या वाचकाला या नोकरीचे वेगळे वर्णन करायला नको. विघ्नहर आणि भीमाशंकर कारखान्यांच्या फाटकावर हंगामात रात्र-रात्र ऊसगाड्यांची रांग लागते आणि तिथला वॉचमन सगळ्यांच्या परिचयाचा असतो. तशाच एखाद्या फाटकावर भारताचा पहिला कसोटी यष्टिरक्षक उभा असेल, ही कल्पना मला अस्वस्थ करते.

७ सप्टेंबर १९७९ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. माजी कसोटीपटूंसाठी क्रिकेट मंडळाचे मासिक निवृत्तिवेतन सुरू झाले ते २००४ मध्ये.