डोळ्यांखालचं काळं: चांगी बिझनेस पार्कमधल्या एका तपाचा मागोवा

चांगी बिझनेस पार्कमधल्या मराठी बायकांच्या पर्समध्ये गेल्या बारा-तेरा वर्षांत बरंच काही नवं शिरलं. त्यातली एक वस्तू म्हणजे १५ मिलिलिटरची चिमुकली ट्यूब, आय क्रीमची. सुरुवातीला ती एखाद-दुसरीकडे असायची. आज नव्याने रुजू झालेली पंचविशीतली मुलगीसुद्धा ती सोबत घेऊनच येते. मधल्या काळात आमच्यातल्या अनेकींनी या ट्यूबवर भरपूर पैसे खर्च केले, मनापासून आशा ठेवली आणि रोज रात्री न चुकता ती लावली. तिचा उपयोग कुणाला आणि किती झाला, हे नीट सांगण्याइतका काळ आता लोटला आहे.

सिंगापूरच्या पूर्व टोकाला, विमानतळाच्या अलीकडे, जेटीसी या सरकारी महामंडळाने १९९७ मध्ये हा पार्क सुरू केला. पुढे डीबीएस, स्टँडर्ड चार्टर्ड, सिटी अशा बँकांनी तंत्रज्ञानाचे आणि रोजचे व्यवहार सांभाळणारे विभाग इथे आणले आणि पुण्या-मुंबईच्या आयटी क्षेत्रातून माणसं येऊ लागली. २०११ च्या अखेरीस चांगी सिटी पॉइंट हा मॉल उघडला. जेवायला, खरेदीला आणि चार घटका बसायला पार्कला हक्काची जागा मिळाली. पार्कजवळच्या एक्स्पो मेट्रो स्टेशनच्या पुढचंच स्टेशन विमानतळाचं. सुट्टीला भारतात निघालेलं माणूस ऑफिसातून थेट तिकडे जातं आणि विमानात चढण्याआधी सौंदर्यप्रसाधनांच्या करमुक्त दुकानात हमखास रेंगाळतं. आमच्याकडे आय क्रीम आलं ते याच वाटेने. आधी वहिनीसाठी, बहिणीसाठी भेट म्हणून घेतलं आणि मग हळूच एक स्वतःसाठी.

ते घ्यावंसं वाटायला कारणही होतं. इथलं घड्याळ भारताच्या अडीच तास पुढे. पुण्यात रात्री नऊला सगळं आवरून आई फोनवर निवांत बोलायला बसते, तेव्हा इथे साडेअकरा वाजलेले असतात. हिवाळ्यात न्यूयॉर्कचा शेअरबाजार उघडतो तो इथल्या रात्री साडेदहाला आणि लंडनच्या ऑफिसातली भर दुपार म्हणजे आमची झोपायची वेळ. मुलांची शाळेची बस मात्र उजाडायच्या आत दारात उभी. दोन्ही टोकांनी झोप कातरली जाते आणि ती चेहऱ्यावर दिसते. स्टॉकहोममधल्या संशोधकांनी २०१३ मध्ये हे नेमकं तपासलं होतं. १० जणांना सलग ३१ तास जागं ठेवून काढलेले फोटो आणि त्यांचेच झोप झाल्यानंतरचे फोटो अनोळखी माणसांना दाखवले. जागरणाच्या फोटोंत डोळे सुजलेले, लाल, पापण्या जड आणि डोळ्यांखालची वर्तुळं अधिक गडद असल्याचं बघणाऱ्यांनी सांगितलं. आमच्या आयांना यासाठी संशोधन लागत नाही. व्हिडिओ कॉल लागला की पहिलं वाक्य ठरलेलं: "अगं, झोप होत नाही का तुझी? डोळ्यांखाली किती काळं झालंय!"

पहिली काही वर्षं आम्ही दुकानातली बाई सांगेल ते घेत होतो. मोठ्या अमेरिकी-फ्रेंच कंपन्यांच्या जडशीळ काचेच्या डब्या, मग कोरियन दुकानांतल्या रंगीत ट्यूब, डोळ्यांखाली चिकटवायच्या ओल्या पट्ट्या. २०१६ मध्ये कॅनडातल्या डेसिएम कंपनीचा द ऑर्डिनरी हा ब्रँड आला आणि बोलण्याचा सूर बदलला. बाटलीवर सुगंधी नावाऐवजी घटकाचं नाव आणि टक्केवारी. जेवणाच्या टेबलावर नायसिनमाइड, हायलुरोनिक ॲसिड, पेप्टाइड हे शब्द सहज येऊ लागले. या काळातला सर्वांत मोठा फायदा मी हाच मानते, कारण त्यामुळे बायका डबी उलटी करून वाचायला शिकल्या.

एकाच कंपनीचं आय क्रीम आणि चेहऱ्याचं साधं मॉइश्चरायझर शेजारी ठेवून त्यांच्या घटकांच्या याद्या बोटाने खाली खाली वाचत गेलं, तर बहुतेक वेळा वरचे पाच-सहा घटक तेच निघतात: पाणी, ग्लिसरीन, डायमेथिकोन, एखादं फॅटी अल्कोहोल, एखादं तेल. फरक खाली असतो. आय क्रीममध्ये सुगंध नसतो किंवा कमी असतो, झोंबणारी आम्लं टाळलेली असतात आणि पोत थोडा दाट असतो. मोठा फरक मापात आणि भावात. एकात १५ मिलिलिटर, दुसऱ्यात ५०, आणि किंमत अनेकदा छोट्या डबीचीच जास्त.

वेगळ्या क्रीमच्या समर्थनार्थ सांगतात ते कारण खोटं नाही. पापणीची त्वचा शरीरात सर्वांत पातळ, जेमतेम अर्ध्या मिलिमीटरची. तिथे तैलग्रंथी कमी, म्हणून ती लवकर कोरडी पडते, आणि दिवसभर एसीत बसणाऱ्याला ते जाणवतंच. ओलावा मिळाला की कोरडेपणाने उठलेल्या बारीक रेषा काही तासांपुरत्या भरून येतात. हे काम आय क्रीम करतं, पण सुगंध नसलेलं कुठलंही सौम्य मॉइश्चरायझरही तेच करतं. खोक्यावर 'काळी वर्तुळं घालवते' असं लिहिलेलं असतं, त्याची सरकारने खात्री करून घेतली आहे असा अनेकींचा समज असतो. सिंगापुरात २००८ पासून आसियान देशांची समान नियमावली लागू आहे. त्यानुसार कंपनी प्रसाधन बाजारात आणण्याआधी आरोग्य विज्ञान प्राधिकरणाला त्याची सूचना देते. माल सुरक्षित असल्याची जबाबदारी कंपनीची असते. ही सूचना म्हणजे क्रीमचा गुण तपासून दिलेलं प्रशस्तिपत्र नव्हे.

पण काळ्या वर्तुळांचं काय? या प्रश्नाचं सर्वांत चांगलं उत्तर याच शहरात सापडलं. मंडाले रोडवरच्या नॅशनल स्किन सेंटरमधल्या डॉक्टरांनी २०० रुग्णांच्या डोळ्यांखालचा काळेपणा तपासून २०११ मध्ये निष्कर्ष मांडले. सुमारे ४२ टक्के लोकांमध्ये कारण रक्तवाहिन्यांचं होतं, म्हणजे पातळ त्वचेतून खालच्या शिरांची निळसर-जांभळी छटा दिसत होती. सुमारे ३९ टक्क्यांमध्ये काळेपणा प्रकृतीचाच, जन्मजात रंगद्रव्याचा होता. उरलेल्यांत इसब किंवा चोळण्यानंतर उठलेले डाग आणि डोळ्यांखालच्या खळगीची नुसती सावली अशी कारणं होती. रक्तवाहिन्यांचा प्रकार चिनी वंशाच्या लोकांत जास्त, तर रंगद्रव्याचा भारतीय आणि मलय लोकांत जास्त आढळला. म्हणजे शेजारच्या टेबलावरच्या चिनी मैत्रिणीला ज्या क्रीमने फरक पडला, त्याने नागपूरच्या मुलीला पडेलच असं नाही. दोघींचं काळं दिसायला सारखं असलं तरी मूळ वेगळं असतं.

त्वचारोगतज्ज्ञ एक सोपी तपासणी करतात, ती घरच्या आरशासमोरही जमते. खिडकीच्या उजेडात उभं राहून खालची पापणी बोटाने हलकेच ताणायची. रंग आहे तसाच राहिला तर तो रंगद्रव्याचा. जांभळी छटा आणखी गडद झाली तर रक्तवाहिन्यांचा. काळं फिकं झालं, किंवा मान वर करून उजेड समोरून घेतल्यावर नाहीसं झालं, तर ती खळगीची सावली. सावलीवर कुठलंही क्रीम चालत नाही, कारण तिथे रंग नसून आकार आहे. तो बदलायचा तर डॉक्टरकडे जाऊन फिलर किंवा शस्त्रक्रियेचा विचार करावा लागतो, आणि त्याचे धोके समजून घ्यावे लागतात. रंगद्रव्यावर व्हिटॅमिन सी, नायसिनमाइड यांनी काही महिन्यांत थोडा उजाळा येऊ शकतो. तो थोडाच असतो, हे कुणी सांगत नाही.

चोळण्याचं कारण इथे फार महत्त्वाचं आहे. सिंगापूरच्या दमट हवेत गादी, उशी आणि पडद्यांत धुळीतले सूक्ष्म किडे, डस्ट माइट, वर्षभर सुखाने नांदतात. ॲलर्जीच्या सर्दीचं इथलं ते मुख्य कारण. नाक चोंदलं की डोळ्यांखालच्या शिरांत रक्त साचून जांभळटपणा येतो. डोळे खाजतात, माणूस चोळतो आणि चोळून चोळून कातडी काळवंडते. एका मैत्रिणीने बरीच वर्षं महागडी क्रीमं लावली. शेवटी सर्दीसाठी डॉक्टरकडे गेली, तेव्हा ॲलर्जीचं औषध मिळालं आणि उशांचे अभ्रे दर आठवड्याला गरम पाण्यात धुवायला सांगितले. काही महिन्यांत तिचे डोळे कधी नव्हे इतके स्वच्छ दिसू लागले. आमच्या गटात डोळ्यांखालचा इतका स्पष्ट फरक दुसऱ्या कुठल्या उपायाने पडल्याचं माझ्या पाहण्यात नाही.

क्रीममधल्या दोन घटकांबद्दल बोलायलाच हवं. पहिलं कॅफीन. ते रक्तवाहिन्या आकुंचित करतं, म्हणून सकाळची सूज उतरवेल अशी अपेक्षा असते. थायलंडमधल्या संशोधकांनी २०११ मध्ये ३४ स्वयंसेवकांवर कॅफीनचं जेल आणि कॅफीन नसलेलं तेच जेल लावून पाहिलं. बहुतेकांच्या बाबतीत दोन्हींत फारसा फरक नव्हता. सूज उतरवण्याचं श्रेय मुख्यतः जेलच्या गारव्याला होतं. फ्रीजमधला थंड चमचा किंवा गार पाण्यात भिजवलेली कापडाची घडी तेवढंच काम करते. दुसरा घटक रेटिनॉल. त्याचा मोठा भाऊ ट्रेटिनॉइन उन्हाने झालेल्या सुरकुत्यांवर काम करतो, हे १९८६ पासूनच्या अभ्यासांतून सिद्ध होत आलं आहे. रेटिनॉल त्याच्यापेक्षा सौम्य, पण त्याच जातीचं. पापणीजवळ चेहऱ्याचं तीव्र रेटिनॉल लावलं तर कातडी सोलते, म्हणून कमी प्रमाणातलं रेटिनॉल असलेलं आय क्रीम हा वेगळ्या ट्यूबचा सर्वांत रास्त उपयोग. गर्भारपणात मात्र ते अजिबात लावायचं नाही.

मग कोविडचं २०२० उजाडलं. ७ एप्रिल ते १ जून सगळं शहर घरात बसलं, मास्क सक्तीचे झाले आणि बंद जागांतली ती सक्ती बहुतांशी उठायला ऑगस्ट २०२२ उजाडावा लागला. या काळात माणसाची ओळख डोळ्यांपुरती उरली. घरच्या मीटिंगांत स्वतःचाच चेहरा दिवसभर समोर, वरून छताचा दिवा आणि खालून लॅपटॉपचा कॅमेरा. त्या उजेडात विशीतल्या मुलीच्याही डोळ्यांखाली खळगी दिसते. आमच्या बोलण्यात आय क्रीम सर्वांत जास्त आलं ते तेव्हा. खरं तर तेव्हा आम्हाला छळत होती ती काळजी. विमानं बंद होती आणि घरची माणसं लांब होती.

या सगळ्या काळात जे डोळ्यांसमोर असून दुर्लक्षिलं गेलं, ते दुपारचं ऊन. १ जानेवारी १९८२ पासून सिंगापूरने मलेशियाबरोबर आपलं घड्याळ अर्धा तास पुढे नेलं. त्यामुळे इथे सूर्य डोक्यावर येतो तो बाराला नव्हे, एकच्या सुमारास. म्हणजे नेमकी तीच वेळ, जेव्हा सगळा पार्क जेवायला सिटी पॉइंटकडे निघतो. विषुववृत्त हाकेच्या अंतरावर. निरभ्र दिवशी अतिनील किरणांचा निर्देशांक या वेळी ११ च्या पुढेही जातो. रात्री डोळ्यांखाली मुगाएवढं क्रीम अनामिकेने हळुवार टिपून लावणाऱ्या आम्ही, दुपारी त्याच डोळ्यांनी उघड्या उन्हात चालत होतो. ऑस्ट्रेलियातल्या नँबूर गावात ९०३ प्रौढांवर चार-साडेचार वर्षं झालेला अभ्यास २०१३ मध्ये प्रसिद्ध झाला. रोज सनस्क्रीन लावणाऱ्यांच्या त्वचेचं म्हातारपण मनाला येईल तेव्हा लावणाऱ्यांपेक्षा २४ टक्क्यांनी कमी दिसलं. एवढा भक्कम पुरावा कुठल्याही आय क्रीमच्या पाठीशी नाही. डोळ्यांजवळ नेहमीचं सनस्क्रीन झोंबत असेल तर झिंक ऑक्साइडचं घ्यावं, गॉगल लावावा आणि छत्री उघडावी.

म्हणून या सगळ्या वर्षांनंतर माझं मत असं झालं आहे. आय क्रीम घ्यायलाच हवं, असं नाही. ज्यांना चेहऱ्याचं क्रीम डोळ्यांजवळ झोंबतं, ज्यांच्या पापण्या कोरड्या पडतात किंवा ज्यांना सौम्य रेटिनॉल हवं आहे, त्यांनी ते घ्यावं, आणि साधंच घ्यावं. बाकीच्यांनी साधं मॉइश्चरायझर आणि सनस्क्रीन डोळ्यांच्या कडेपर्यंत लावावं. उरलेल्या पैशांत एकदा त्वचारोगतज्ज्ञाला दाखवून आपलं काळं कोणत्या प्रकारचं आहे ते विचारावं. आणि रात्रीचा फोन शनिवार-रविवारवर ढकलावा.

आता आमच्या मुली बारा-तेरा वर्षांच्या झाल्या आहेत. मैत्रिणींकडे बघून त्याही आय क्रीम मागतात. त्या वयाच्या कातडीला त्याची गरज नाही आणि रेटिनॉल तर लावूच नये, हे त्यांना कारणासकट सांगायला हवं. त्याहून महत्त्वाचं म्हणजे, त्यांच्यातल्या कितीतरी जणींच्या डोळ्यांखाली आजीकडून आलेली सावळी छटा आहे. ती आजार नाही, आळस नाही, जागरणाची खूणही नाही. कोकणात, देशावर, विदर्भात पिढ्यान् पिढ्या असे डोळे दिसत आले आहेत. 'काळं झालंय' हे वाक्य आम्ही ऐकत मोठ्या झालो आणि त्याची किंमत दुकानात मोजत राहिलो. ते आपल्या मुलींना ऐकवायचं नाही, एवढं आपल्या हातात नक्की आहे.