वाळवंटांतील स्फुरद आपल्या शेतांत कसें येतें?

डीएपी खताच्या ५० किलोंच्या गोणींत २३ किलो स्फुरद असतें, हें वाचकांस ठाऊक आहेच. परंतु तें कोठून येतें, ह्याचा विचार आपण क्वचितच करितों. स्फुरद कारखान्यांत निर्माण होत नाहीं. तें खाणींतून खणून काढावें लागतें. आपल्या देशांत त्याचे साठे थोडे असल्यामुळें बहुतेक माल परदेशांतून आणावा लागतो.

जगांतील ज्ञात साठ्यांपैकीं सुमारें दोनतृतीयांश साठा मोरोक्कोच्या हातीं आहे. त्यांतील एक खाण पश्चिम सहारा प्रदेशांत, बू क्रा येथें आहे. १९४७ सालीं तेथें खनिजाचा शोध लागला व १९७२ पासून निर्यात सुरू झाली. खणलेलें खनिज सुमारें १०० किलोमीटर लांबीच्या फिरत्या पट्ट्यावरून वाळवंट ओलांडून किनाऱ्यास येतें. तेथें तें धुऊन वाळवितात व जहाजांत भरितात. हें खनिज पाण्यांत सहसा विरघळत नाहीं. म्हणून त्यावर गंधकाम्लाची क्रिया करून स्फुरदाम्ल काढितात, आणि त्यांत अमोनिया मिळविला म्हणजे डीएपी तयार होतें.

महसूल खात्यांत कारकुनी करितांना मीं अनेकदां पाहिलें कीं, कब्जा एकाचा व हक्काचा दावा दुसऱ्याचा असला म्हणजे तंटा पिढ्यान् पिढ्या चालतो. येथेंहि तेंच झालें आहे. १९७६ सालीं स्पेन निघून गेला, मोरोक्कोनें ताबा घेतला, व मूळच्या सहरावी लोकांनीं शस्त्र धरिलें. त्या युद्धांत पट्ट्यावर हल्ले होऊन काम बंद पडलें. १९९१ सालीं युद्धविराम होऊन सार्वमत ठरलें. तें अद्याप झालेलें नाहीं. २०१७ सालीं न्यूझीलंडकडे निघालेलें सुमारें ५० हजार टन खनिजाचें जहाज दक्षिण आफ्रिकेंत अडविण्यांत आलें, आणि पुढील वर्षीं तेथील न्यायालयानें तो माल सहरावी पक्षाचा ठरविला.

इतक्या दूरच्या व वादग्रस्त मालावर आपलें पीक अवलंबून आहे. २००७-०८ सालीं ह्या खनिजाचा भाव कित्येक पटींनीं चढला होता, हें विसरून चालणार नाहीं. शिवाय आपल्या चुनखडीयुक्त काळ्या जमिनींत स्फुरदाचा बराच भाग चुन्याशीं बांधला जाऊन पिकास लवकर मिळत नाहीं. ह्यास्तव माती तपासून घेतल्यावांचून मात्रा ठरवूं नये. खत वरून न फेंकतां पेरणीच्या वेळीं बियाण्याच्या खालीं व थोडें बाजूस द्यावें. शेणखत भरपूर घालावें, आणि स्फुरद विरघळविणाऱ्या जिवाणूंची बीजप्रक्रिया करावी. जमिनींत पूर्वींचें स्फुरद पुरेसें आढळल्यास तितकी गोणी कमी घ्यावी. तेवढा खर्च तर हमखास वांचतो.